एका आसनावर दोघी

एकट्या माणसाला बसल्या जागी, केवळ मान वळवून, दोन माणसे उभी करता येतात का? हा प्रश्न मला पुस्तकातून पडला नाही. सिंगापूरमधल्या सेरंगूनच्या आमच्या फ्लॅटमध्ये पडला.

मराठी मंडळाच्या कार्यक्रमात माझी दहा वर्षांची मुलगी आणि तिची मैत्रीण एक नाटुकले करणार होत्या. पुण्याहून आलेली आजी ड्युरियन, म्हणजे फणसासारखे दिसणारे उग्र वासाचे फळ, घेऊन एमआरटी मेट्रोत चढू पाहते आणि तिथे त्याला बंदी आहे म्हणून नात तिला अडवते, एवढेच कथानक. ऐन वेळी मैत्रिणीच्या वडिलांचा नोकरीचा पास संपला आणि ते कुटुंब पुण्याला परतले.

"मी नाही करणार. आजीच गेली, ला!" मुलगी इथल्या सिंगापुरी ढंगात म्हणाली. चारचौघांत मराठी बोलायला ती पहिल्यांदाच तयार झाली होती. आता माघार घेतली असती, तर पुन्हा तयार झाली नसती.

वन-नॉर्थच्या माझ्या ऑफिसात एक जपानी सहकारी होत्या. राकुगो हा त्यांचा छंद. या जुन्या कथनकलेत सांगणारा गादीवर गुडघे मोडून बसतो. जवळ पंखा आणि रुमाल एवढेच. वडीलधारे पात्र बोलताना तो एका बाजूला पाहतो, धाकटे बोलताना दुसऱ्या. जपानमध्ये आजही लोक तिकीट काढून हे ऐकायला जातात. मी त्यांना घरी बोलावले.

मुलीने दोन्ही भूमिका म्हणून दाखवल्या. बाईंना मराठी येत नव्हती, तरी म्हणाल्या, "नात दिसली. आजी नाही दिसली."

"का?"

"आजी माझ्याकडे बघत होती. मग रागावत कोणावर होती? माझ्यावर?"

मुलगी हसली. "शाळेत सांगतात, ऑडियन्सकडेच बघायचं."

"तिथे तू बोलतेस. इथे आजी बोलते."

चूक नेमकी सापडली. आजीने उजवीकडे, किंचित खाली पाहायचे. नातीने डावीकडे, वर.

कार्यक्रमात ती एकटीच गादीवर बसली.

"अगं, फणसच तर आहे!"

"आजी, पाटी बघ ना! आणि वास किती येतोय!"

"वास? सुवास म्हण, वेडे!"

हशा पिकला. मी प्रेक्षकांकडे पाहत होते. नात बोलू लागली की पहिल्या रांगेतल्या माना आजीच्या रिकाम्या जागेकडे वळत होत्या.

मंचावरून खाली उतरल्यावर मुलीने विचारले, "आई, पुढच्या वेळी तिघींचं करू?" तेही मराठीत.

माझे निरीक्षण एका सभागृहापुरते आहे. घरी उशीवर बसून दोघांचे संभाषण म्हणा, समोरच्याला दुसरा कुठे बसला आहे ते विचारा, आणि कृपया स्वतः पडताळून पाहा.