प्रॉम्प्टरबाईंना नटी व्हायचं होतं

गेली अठरा वर्षं मी आमच्या मंडळाच्या नाटकांत प्रॉम्प्टर आहे. म्हणजे विंगेत स्टुलावर बसायचं, संहिता मांडीवर घ्यायची आणि वाक्य विसरलेल्या इंजिनिअरांना ते हळूच पुरवायचं. अमेरिकेतल्या आमच्या या नोव्हाय गावात इंजिनिअरांना तोटा नाही, विसरणाऱ्यांना तर नाहीच. मला खरं तर स्टेजवर उभं राहायचं होतं. पण दर वर्षी कुणीतरी म्हणायचं, "काकू, तुमच्यासारखं प्रॉम्प्टिंग कुणाला जमत नाही हो!" की मी खूश होऊन पुन्हा स्टुलावर. स्तुतीपुढे मी फार लवकर विरघळते.

दोन वर्षांपूर्वी मात्र मला ती भेटली. जवळच एक म्हाताऱ्या बाई वारल्या होत्या आणि त्यांच्या घरातलं सामान तिथंच मांडून विकत होते. मी गेले होते मोठं पातेलं बघायला. घेऊन आले एक आल्बम. आत शंभरेक वर्षांपूर्वीची एक इंग्लिश नटी. तिच्या फोटोंची पोस्टकार्डं, वर्तमानपत्रांची कात्रणं आणि खाली तिच्याच अक्षरात पेन्सिलीनं केलेल्या नोंदी.

"लोकांच्या घरचे फोटो आपल्या घरात कशाला?" नवरा म्हणाला.

"तुझ्या मावसभावाच्या लग्नाचे तीन आल्बम आहेत, ते चालतात?"

तो विषय तिथंच संपला.

सोळाव्या वर्षी ती एका फिरत्या नाटक कंपनीत शिरली. सात वर्षं बदली नटी होती. मुख्य नटीची सगळी भाषणं पाठ करायची, रोज नटून विंगेत उभं राहायचं आणि खेळ संपला की चेहरा पुसून घरी जायचं. मग एकदा मुख्य नटीचा घसा बसला आणि हिचं नशीब उघडलं. पुढे लंडन, मोठमोठी थिएटरं, दारात गर्दी. कंपनीबरोबर बोटीनं अमेरिकेत आली, इथल्याच एका कारखानदाराशी लग्न केलं आणि स्टेज सोडलं ते कायमचं. त्यानंतरच्या पानांवर फक्त बागेतले गुलाब.

त्या गुलाबांनी मला छळलं. शेवटी मी तिच्यावर अर्ध्या तासाची एकांकिका लिहिली आणि उसनं धैर्य आणून सांगून टाकलं, ही भूमिका मी करणार.

आमचे दिग्दर्शक नागपूरचे, बोलायला सरळ. त्यांच्या बेसमेंटमध्ये पहिली तालीम झाली. पाच मिनिटांनी ते म्हणाले, "मॅडम, सुरू करा ना आता."

"अहो, पहिलं पान संपलं माझं!"

"तुम्ही बोलून राहिल्या होत्या? मला वाटलं, मनात पाठ करून राहिल्या."

अठरा वर्षं कुजबुजून माझा आवाज स्टुलाच्या पलीकडे जायचंच विसरला होता. मी गरम पाणी प्यायले, गॅरेजमध्ये ओरडून पाहिलं, कॉलर माइकही लावला. माइकमुळे सगळ्यांना ऐकू गेलं, पण कुणाची तरी चहाडी करत असल्यासारखं. कॉलेजमधून घरी आलेली मुलगी तालीम बघून म्हणाली, "आई, यू साउंड लाइक यू आर हेल्पिंग समवन एल्स."

अमेरिकेत वाढलेली मुलं खोटं बोलायला शिकत नाहीत, हा एक तोटाच आहे.

प्रयोगाला दहा दिवस असताना मी स्वतःहून भूमिका सोडली. पुण्याहून वर्षभरापूर्वी नोकरीसाठी आलेल्या एका मुलीला दिली. तिचा आवाज खणखणीत. आठ दिवसांत तिनं सगळं पाठ केलं आणि म्हणाली, "काकू, तुम्ही विंगेत आहात ना? मग मला टेन्शनच नाही यार."

रविवारी दुपारी शाळेच्या ऑडिटोरियममध्ये प्रयोग झाला. पोरगी फार छान करत होती. शेवटच्या प्रवेशात म्हातारी झालेली नटी, एके काळी शनिवारच्या दुपारच्या खेळासाठी नटायची त्या वेळी, घरात ओट्याशी उभी असते. तिथं पोरगी अडकली. माझ्याकडे न बघता वाट बघू लागली.

पुढचं वाक्य मला वाचावंही लागणार नव्हतं. पण मी दिलं नाही. खरं सांगते, मुद्दाम नाही दिलं. एक श्वास, दोन श्वास, तीन. सात वर्षं विंगेत उभं राहताना ती इंग्लिश बाई रोज काय मागत असेल, हे आल्बममध्ये कुठंच लिहिलेलं नाही. मला त्या तीन श्वासांत कळलं आणि स्वतःची लाज वाटली.

घाईघाईनं मी तोंड उघडलं आणि वाक्य बाहेर आलं ते पार शेवटच्या रांगेपर्यंत: "शनिवारचे दोन वाजले की माझे हात अजून पावडरचा डबा शोधतात."

समोरच्या विंगेत दिग्दर्शकांनी कपाळाला हात लावला. पोरगी हुशार, तिनं चमकून आवाजाच्या दिशेनं पाहिलं, तेच वाक्य सावकाश स्वतःशी म्हटलं आणि पुढे गेली. शेवटी लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते. मी स्टुलावर बसून संहितेची पानं सारखी करत होते, ती आधीच सारखी होती.

नंतर चहाच्या टेबलाशी एक आजोबा आले. मुलाकडे सहा महिन्यांसाठी आलेले, नाशिकचे.

"तो आतला आवाज कुणाचा हो?"

"आमच्यातल्याच एका बाईंचा."

"मग टाळ्यांच्या वेळी त्यांना बाहेर का नाही आणलंत?"

"लाजतात हो त्या," मी म्हणाले आणि त्यांच्या पुढे साखर सरकवली.