न लागलेली माती

मेहबूब पैलवानांशी कुणी नव्या माणसाची ओळख करून दिली, की ते नमस्काराआधी दुरुस्ती करत. "पावणं, ह्यो सांगतोय त्ये खोटं हाय. मी त्या पंजाब्याला पाडलं न्हाय. मीच खाली हुतो." पाहुणा गोंधळे. ओळख करून देणारा हसून म्हणे, "बघा, केवढा साधा माणूस!"

साठच्या दशकातली ती कुस्ती मी पाहिली होती. मी तेव्हा शाळामास्तर; आम्ही एकाच गल्लीतले, म्हणून शाळा सुटल्यावर मीही मैदानावर गेलो होतो. तासभर झुंज चालली. शेवटी पंजाबच्या मल्लाने पैलवानांना खाली घेतलं, मानेवर गुडघा रोवला. एवढ्यात दिवस मावळला आणि पंचांनी कुस्ती बरोबरीत सोडवली. आखाड्यातच पैलवानांनी त्याला मिठी मारली. गावाने खांद्यावर उचललं ते मात्र एकट्या पैलवानांना.

पहिली काही वर्षं लोक बरोबरीच म्हणत. मग 'उजेड असता तर आपल्या गड्याने लोळवलाच असता' असं म्हणू लागले. ऐंशी साल उजाडेपर्यंत तो पंजाबी चारी मुंड्या चीत झाला होता, आणि तेही ज्यांनी ते मैदान पाहिलंच नव्हतं त्यांच्या डोळ्यांदेखत.

तालमीने सत्कार ठेवला. पैलवान माईकसमोर उभे राहिले आणि खडसावून बोलले, "त्यो गडी माझ्यापरास भारी हुता. त्येच्या पाठीला माती लागलीच न्हाय, तर तुमी कशापायी लावताय? त्येचा मान त्येला द्या की!" टाळ्यांचा कडकडाट झाला. अध्यक्ष म्हणाले, "खरा विजेता असाच बोलतो." पैलवान हार काढून खाली बसले. मला फार वाईट वाटलं.

पुढे ते अंथरुणाला खिळले. मी भेटायला गेलो तेव्हा शिरोलीच्या कारखान्यातले दोघे जण उशाशी बसले होते. त्यांतल्या एकाने विचारलं, "पैलवान, पंजाब्याला पाडलं तवा डाव कंचा टाकलासा?"

मी दुरुस्तीची वाट पाहत होतो. पैलवानांनी आढ्याकडे बघितलं. मग म्हणाले, "ढाक."

दोघे खूश होऊन गेले. मग पैलवान मला म्हणाले, "मास्तर, त्या एकट्यासंगं तासभर झुंजलो. साऱ्या गावासंगं झुंजायला आता बळ न्हाय वो."

आठवड्याभरात ते गेले. शोकसभेत प्रत्येक वक्त्याने त्या कुस्तीचं वर्णन केलं, आणि आता सगळ्यांना डावाचं नावही माहीत होतं.