पाड्यावरच्या पाच मायरा

आमच्या पाड्यावर पाच मायरा आहेत, आणि त्या पाचही माझ्यामुळे आहेत.

गैरसमज नको. मी अंगणवाडी सेविका आहे. मोखाड्याहून अर्धा तास जीपने आणि पुढे चढाची वाट पायी, अशा पाड्यावर मी बावीस वर्षं पोरांची वजनं करते, त्यांना खाऊ घालते आणि रजिस्टर भरते. रजिस्टरात बाळाच्या नावाचा रकाना असतो. तो रिकामा दिसला की तपासणीला येणाऱ्या मॅडम मला बोलतात, आणि मॅडम बोलल्या की मी आयांना बोलते.

"अगं, पोरगी दोन महिन्यांची झाली. नाव ठेव की!"

"तुमीच सांगा ना, बाई."

झालं! माझ्या हातात कुणी माईक दिला तर मी तो परत देत नाही. इथे तर आख्खं नाव द्यायचं होतं!

पूर्वी हे काम सोपं होतं. पोर ज्या वारी जन्मलं त्या वाराचं नाव त्याला. सोमवारची सोमी, मंगळवारची मंगळी, बुधवारची बुधी. (मी शुक्रवारची. शाळेत घालताना गुरुजींनी 'सुक्री' खोडून 'सुरेखा' लिहिलं. तेव्हापासून मला बारशांचा नाद असावा.) आता वाराचं नाव कुणाला नको असतं, आणि ते रास्तच आहे. आता नाव कसं हवं, तर लहानसं, टीव्हीत शोभणारं आणि आजीला धड न उच्चारता येणारं.

माझी लेक पल्लवी जव्हारला दिलेली. पहिल्या बाळंतपणाला ती माहेरी आली. एका दुपारी तिने दार लोटलं आणि मला जवळ बसवलं.

"आई, मुलगी झाली तर नाव ठरलंय. पण कुणाला सांगायचं नाही."

"मी? मी कधी कुणाला काही सांगते?"

"आई!"

"बरं बाई, शपथ."

"मायरा," ती म्हणाली. इतकं हळू, की जणू नावाला झोपेतून उठवायचं नव्हतं.

मी अर्थ विचारला. तिने फोन काढला. एका ठिकाणी लिहिलं होतं, संस्कृत, म्हणजे प्रिय. दुसऱ्या ठिकाणी ग्रीक, म्हणजे सुगंधी. तिसरीकडे अरबी, आणि चौथीकडे तर कुणातरी कवीने बसल्याबसल्या रचलेलं नाव! म्हणजे हे नाव जगभर हिंडून, शेवटी शेअर जीपमध्ये दाटीवाटीने बसून आमच्याकडे आलं होतं.

"नक्की काय ते कुणालाच माहीत नाही," पल्लवी म्हणाली, "पण मला आवडलंय. माझं नाव तू ठेवलंस, आडनाव लग्नात बदललं. हे एक माझं मी शोधलंय, आई. जव्हार-मोखाड्यात दुसरी कुणी मायरा नसेल, बघ."

मी शपथ पाळली. तब्बल चार दिवस!

पाचव्या दिवशी जीपवाल्याची बायको मनीषा तान्ह्या पोरीला वजनाला घेऊन आली. रकाना रिकामा. हातात पेन. मी ओठ घट्ट मिटले होते, देवाशपथ सांगते; नाव बहुतेक नाकातून बाहेर पडलं.

"मायरा? म्हंजी काय, बाई?"

आता जीपवाल्याच्या घरी 'ग्रीक' सांगून काय उपयोग? मी म्हटलं, "जिच्या पायगुणाने प्रवास सुखाचा होतो ती." मनीषा हरखली. तो चेहरा पाहिला आणि माझा तोल गेला तो गेलाच. भातशेती करणाऱ्या घरात मायराचा अर्थ झाला, भात फुलोऱ्यात आल्यावर सुटतो तो वास. तिसरी पोर वजनाला फार कमी होती. तिच्या आईला सांगितलं, मायरा म्हणजे अंग धरणारी. (तिने धरलंही! पुढच्या महिन्यात काटा वर गेला, तेव्हा माझाच त्या अर्थावर विश्वास बसला.) चौथीच्या बापाला पोरीने शिकावं असं वाटत होतं. त्याच्यासाठी मायरा म्हणजे सरकारी नोकरी लागणारी. मूळ संस्कृत.

पाचवी शेवंतीची. शेवंती आणि तिचा नवरा दरवर्षी दिवाळीनंतर भिवंडीकडे वीटभट्टीवर जातात, ते पावसाच्या तोंडावर येतात. या खेपेला तान्ही बरोबर जाणार होती. शेवंती काही विचारत नव्हती, नुसती पोरीच्या तळव्यावर बोट फिरवत होती. मीच म्हटलं, "मायरा म्हणजे कुठेही गेली तरी घरी परत येणारी."

दर वेळी मी स्वतःला बजावत होते, की ही शेवटची. शिवाय पल्लवीला मुलगाच होणार, असं माझं मन मला छातीठोक सांगत होतं.

मुलगी झाली.

बारशाला मी आख्ख्या पाड्याला बोलावलं. त्या पाच जणींना तर घरोघरी जाऊन, "पोरींना घेऊन या हं!" असं आग्रहाने सांगितलं. (का? नातीच्या आनंदात माझं डोकं कुठे ठेवलं होतं, ते अजून सापडलेलं नाही.) अंगणात मांडव, मांडवाला फुगे. बाळाची आत्या दाभोश्याहून आली होती. ती पाळण्यावर वाकली, बाळाच्या कानात कुर्रर्र केलं आणि ताठ उभी राहून ओरडली, "मायरा!"

मनीषा आनंदाने चित्कारली, "अगो, आमचीपन मायरा!"

"आमचीपन!"

"बाई, तुमी आमच्या पोरीचा नाव ठेवला? किती माया!"

पल्लवीने माझ्याकडे पाहिलं. मी घाईघाईने पाळण्याची दोरी धरली आणि इतक्या जोराने ओढू लागले की आत्याने बाळालाच उचलून घेतलं.

"प्रवास सुखाचा करणारी!" मनीषा सगळ्यांना समजावू लागली.

"छे! भाताचा वास."

"वास कसला? सरकारी नोकरी! संस्कृतात हाय."

"हे तुम्हाला सांगितलं कुणी?" पल्लवीने विचारलं.

चार बोटं माझ्याकडे वळली. तितक्यात माझ्या जावयाची आजी, सोमी आजी, पुढे सरकली. "एक नाव सहा पोरींना, त्यात काय झाला?" ती म्हणाली. "आमचे पाड्यात नऊ सोम्या व्हत्या. वढ्याकडची सोमी, आंब्याखालची सोमी. जेवाया हाक मारली का नऊजणी धावायच्या, कामाला हाक मारली का एकपन नाय!"

मांडव हसला. पल्लवी हसली नाही. तिचे डोळे भरले होते, आणि त्या डोळ्यांत बघायची माझी छाती नव्हती.

शेवंतीही हसली नव्हती. कडेवरच्या पोरीला सावरत तिने हळूच विचारलं, "बाई, मंग आमचा अर्थ खोटा हाय का? घरी परत येणारी?"

बाकीच्यांसाठी मी नावावर अर्थाचं तोरण बांधलं होतं. ते पडलं तरी घर उभं राहणार होतं. शेवंती मात्र तो अर्थ पोरीला पांघरून आठवड्याभरात भट्टीवर निघणार होती. आणि तो मी पेनाचं टोपण चावत, जागच्या जागी तयार केला होता.

पल्लवीने पदराने डोळे पुसले.

"नाही गं, शेवंतीवहिनी," ती म्हणाली. "तुझाच खरा. मी फोनवर वाचलाय. बाकीचे सगळे आईचे." तिने शेवंतीची पोर मांडीवर घेतली आणि आत्याकडे वळली. "वन्सं, आमचं नाव मागे घ्या."

"अगं, नाव मागं कसं घ्यायचं?"

"ठेवलं तसंच. परत कानात सांगा, की हे तुझं नाही."

आत्या बिचारी पुन्हा वाकली. माझी नात बारशाच्या दिवशी नाव गमावणारी आमच्या भागातली पहिलीच असावी.

पल्लवी माझ्याशी पाच दिवस बोलली नाही. (मला एवढं गप्प बसायची सवय नसल्याने मी कोंबड्यांशी बोलत होते.) सासरी निघताना मात्र तिने मला जीपच्या आडोशाला नेलं आणि आत्यासारखं माझ्या कानात नातीचं नवं नाव सांगितलं. हेही तिचं तिनेच शोधलेलं.

"मला कशाला सांगतेस?" मी विचारलं. "माझा भरवसा राहिला का?"

"नाही सांगितलं, तर तू तुझ्या मनाने एखादं ठेवून मोकळी होशील."

शेवंती पावसाआधी परत आली. मायरा तिच्या पुढे पुढे धडपडत चालत होती. मी तिचं वजन केलं आणि एक शब्दही बोलले नाही.

नातीचं ते नवं नाव मी अजून कुणालाही सांगितलेलं नाही, आणि इथेही लिहिणार नाही. मी आता सुधारले आहे. तरी तुमच्या घरी कुणाला दिवस गेले असतील, तर अंगणवाडीवर सहज येऊन जा. नाव नाही सांगायची, फक्त अर्थ सांगेन. पण तो असा काही रंगवून सांगेन, की नाव तुम्हीच ओळखाल!