काजूच्या बागेतला फोटो

गोव्यात पेडण्याच्या स्टँडवर मुंबईची गाडी लागली, तेव्हा आईने पोदेराच्या भट्टीतले गरम उंडे पाव कागदात बांधून माझ्या मांडीवर ठेवले आणि खिडकीतून बजावलं, "कोणाक उलटून बोलू नको हां." बाबा नुकतेच गेले होते. मागे उरली ती आणि काजूची बाग. मी मात्र सुटलो म्हणून खूश होतो. खोटं कशाला बोलू?

मुंबईत उलटून बोलण्यावरच माझं पोट भरलं. मोडकं नाक, रुंद खांदे. कास्टिंगवाल्यांनी बघताक्षणी गुंड करून टाकलं. वीस वर्षं भाईचा उजवा हात, नाहीतर सुपारीवाला, आणि शेवटी हिरोचा मार. एका सिरियलमधलं माझं "सरक, नाहीतर सरकवीन" पोरंसोरं अजून म्हणतात. त्यावर गावात आईचाही रुबाब वाढला होता म्हणे.

दोन वर्षांपूर्वी तिचा फोन आला. बागेपलीकडे बंगले होणार होते आणि बिल्डरला रस्ता आमच्या झाडांमधून हवा होता. ती नाही म्हणून म्हणून थकली होती. "तू नुसतो येवन उभो ऱ्हव रे," ती म्हणाली, "तुका बघून पळतले ते."

गेलो. काळा गॉगल लावून गेलो, काय सांगू! बिल्डर चार माणसं घेऊन बागेत आला आणि मला बघून हरखलाच. "अरे, भाई तुम्ही? तो डायलॉग मारा ना एकदा!"

तेच वाक्य त्याच्या डोळ्यांत बघून म्हणायचं होतं. मी त्याने धरलेल्या मोबाइलकडे बघून म्हटलं. टाळ्या पडल्या. फोटोसाठी त्याने माझ्या खांद्यावर हात टाकला, मीही टाकला. रस्त्याचं निघालं तेव्हा "बघूया, करूया काहीतरी," असं पुटपुटलो. खरं सांगतो, त्या चौघांना मी घाबरलो होतो. शूटिंगला समोरचा ठरवून मारतो; इथे कोण ठरवणार? आई झाडाखाली उभी राहून सगळं बघत होती. दुसऱ्या दिवशी काम आहे सांगून मी मुंबई गाठली.

आठवड्याने बुलडोझर आला. अकरा झाडं आडवी झाली.

आईने पंचायतीत तक्रार केली. सुनावणीला मी आलो, पण टोपी ओढून मागच्या खुर्चीवर बसलो. बिल्डरने बागेतला तोच फोटो पुढे केला. "बघा, हिच्या मुलानेच हो म्हटलं."

आईने फोटो हातात घेऊन नीट पाहिला. "ह्यो माझो झील न्हय," ती म्हणाली. "ह्यो सिनेमातलो. सिनेमातल्यान हो म्हटल्यान म्हणान माझी झाडां तोडलात?"

सगळे वळून माझ्याकडे बघायला लागले. 'मी हो म्हटलं नव्हतं,' उठून एवढंच सांगायचं होतं. नाही उठलो. लाज वाटते लिहितानासुद्धा.

आता त्या जागेवरून गाड्या जातात. मी गेलो की आई हुमण-शीत, म्हणजे माशांची आमटी नि भात, वाढते आणि उरलेल्या झाडांकडे निघून जाते. वाड्यावरच्या मंडळींनो, तुम्ही अजून माझ्याबरोबर फोटो मागता, नका मागू. माझ्यासारख्या गाव सोडून गेलेल्यांना घर म्हटल्यावर काय काय आठवत असेल. मला ती खुर्ची आठवते, आणि पुढे एकटी उभी असलेली आई.