कोरडा टाक

२ एप्रिल १९६७. वर्षभराची चिंच सोलायची आहे. दोन पाट्या झाल्या, एक उरली. हात धुऊन बसले आहे, कारण आज नाही लिहिलं तर मी कधीच लिहिणार नाही.

हे मी कुणाला सांगितलेलं नाही. यजमानांना नाही, मुलीला नाही. देवापुढे उभी राहून दुसऱ्या सगळ्या चुका कबूल केल्या—ही मात्र दर वेळी वगळली. तुम्हाला सांगते आहे, कारण तुम्ही मला ओळखत नाही. ओळखत असलात तर वृद्ध सासऱ्यांची सेवा केलेली सून म्हणूनच ओळखत असाल. सगळं तंजावर तसंच ओळखतं.

माझे सासरे पाद्रींच्या शाळेत चाळीस वर्षं मास्तर होते. घरात पूजा, एकादशी, श्राद्धपक्ष सगळं यथासांग. पण त्यांच्या उशाशी एका इंग्रज बिशपचं पुस्तक असायचं. बिशप तीनशे वर्षांपूर्वीचा. प्रवचनं, प्रार्थना, आणि माणसानं रोज स्वतःच्या मनाची झडती कशी घ्यावी यावरची लांबच लांब प्रकरणं. धर्म बदलायचा विचार मामंजींच्या मनात कधी आला नाही. "मनुष्य बरं लिहितो," म्हणायचे, "इंग्रज असला म्हणून काय झालं?" ते पुस्तक मराठीत आणायचं त्यांनी तरुणपणीच ठरवलं होतं. सवड मिळाली ती निवृत्तीनंतर, आणि तोवर काचबिंदूनं दोन्ही डोळे गेले होते.

मग लिहायचं कुणी? आम्ही घरात मराठी बोलतो, पण वाण्याची चिठ्ठीसुद्धा तमिळमध्ये लिहितो. बालबोध, म्हणजे देवनागरी, लिहिता येणारी घरात मी एकटी. माझे वडील राजवाड्यातल्या पोथ्यांच्या नकला करायचे, त्यांनी माझं अक्षर घोटून घेतलेलं.

रोज दुपारी तीन वाजता आम्ही तिण्णैवर, म्हणजे दारापुढच्या ओट्यावर, बसायचो. मी इंग्रजी वाक्य वाचायची. मामंजी ते मनात घोळवायचे आणि मराठीत सांगायचे, मी टाकानं उतरवायची. टाकाची कुरकुर थांबली की वाक्य उतरलं हे त्यांना कळायचं, मग पुढचं. दुसऱ्या दिवशी बसलो की आधी कालचं वाचून दाखवायचं. शाळेची शिस्त.

दोन वह्या मी नीट लिहिल्या. एवढं खरं आहे.

समोरच्या अंबूबाई रोज पाणी भरताना विचारायच्या, "काय सुभद्रे, सासऱ्यांनी पाद्रीला मराठी शिकवायला घेतलंय का?" मी हसायची. पुढे मुलीच्या लग्नाचं बोलणं सुरू झालं. घरात किरिस्तावाचं पुस्तक लिहिलं जातंय असं पसरलं तर स्थळ मोडेल, अशी भीती होती. पुष्कळ वर्षं मी स्वतःला हेच कारण सांगत आले. भीती खोटी नव्हती. पण बोलणी सुरू झाली ती पुढच्या वर्षी, आणि मी जे केलं ते त्याच्या आधीच सुरू केलं होतं. मग कारण कसलं?

१९५६ सालची गोष्ट. एक दिवस पाठ दुखत होती. वाक्य लांब होतं. मी अर्धंच लिहिलं, आणि उरलेला वेळ शाईत न बुडवलेला टाक कागदावर फिरवत राहिले. कोरड्या टाकाचाही आवाज तसाच येतो. मामंजींनी मान डोलावली आणि पुढचं वाक्य सांगितलं.

इतकं सोपं होतं ते. दुसऱ्या दिवशी पाठ दुखत नव्हती, तरी मी तेच केलं. चार-पाच शब्द शाईनं, बाकी कोरडं. कोण वाचणार होतं हे? तंजावरात बालबोध वाचणारी माणसं किती, आणि त्यातली बिशपचं वाचणारी किती?

पण दुसऱ्या दिवशी वाचून दाखवायचं असायचं. त्या चार-पाच शब्दांवरून मी आठवेल ते जोडायची, न आठवेल ते बनवायची.

पहिल्यांदा त्यांना चूक जाणवली ती बांधाच्या वाक्यात. बिशपनं मनाला जहाजाची उपमा दिली होती. इथे जहाज कोण बघतं, म्हणून मामंजींनी तीन दिवस विचार करून ती बदलली. कालव्याला पाणी सोडायच्या आधी शेतकरी बांधावरून चालत जातो, पायानं चाचपून भोक शोधतो, तसं माणसानं झोपण्यापूर्वी आपल्या दिवसावरून चालावं—असं काहीतरी. सांगून झाल्यावर ते स्वतःवरच खूश होऊन हसले होते. मी त्यातलं 'झोपण्यापूर्वी मन तपासावं' एवढंच लिहिलं होतं, आणि तेवढंच वाचलं.

त्यांनी मला थांबवलं. "बांध कुठे गेला गे?"

"कुठला बांध, मामंजी?"

हे मी म्हटलं. घाबरून नाही, शांतपणे. तेव्हाच सांगता आलं असतं—राहून गेला, परत सांगा. ते रागावले असते, आणि तिथेच संपलं असतं. का नाही सांगितलं? आता लिहितेच. चाळीस वर्षं दुसऱ्यांच्या चुका काढलेला, माझ्या सांबाराच्या मिठापासून माझ्या इंग्रजी उच्चारापर्यंत सगळ्यात खोट काढलेला माणूस चाचपडताना बघून मला बरं वाटलं. थोडंसं. पण वाटलं.

त्यानंतर ते रोज हरवत गेले. मी वाचायची, ते म्हणायचे, "असं सांगितलं मी?" मी म्हणायची, "असंच सांगितलंत." मग ते सकाळी खोलीत एकटे बसून स्वतःची परीक्षा घेऊ लागले. एकोणतीसचा पाढा. जुन्या वर्गांची हजेरी, बाकाबाकानं, मुलांची नावं बापाच्या नावासकट. एकही नाव चुकत नसे. मी दाराबाहेर उभी राहून ऐकायची आणि तांदूळ निवडायला निघून जायची.

शेवटी एका दुपारी त्यांनी पुस्तक मिटायला सांगितलं. माझा हात धरला, आधी कधी धरला नव्हता. म्हणाले, "सुभद्रे, मी म्हातारा माणूस, मला वाईट वाटेल म्हणून लपवू नकोस. तू लिहितेस ते मी सांगतो तेच असतं ना? तसं असेल तर माझं डोकं गेलं. आणि नसेल तर तेही सांग, मी काही म्हणणार नाही."

म्हणजे त्यांना संशय आला होता. त्यांनी मला दार उघडून दिलं होतं.

मी म्हटलं, "तुम्ही सांगता तेच लिहिते, मामंजी."

त्यांनी हात सोडला. यजमान कचेरीतून आल्यावर त्यांनी स्वतःच सांगितलं, "माझं डोकं चालत नाही. मला काही विचारत जाऊ नका." यजमानांनी मला बाजूला घेऊन विचारलं, "खरंच का गे? अप्पा भ्रमिष्ट झालेत?"

"हो," मी म्हणाले. "बरेच दिवस झाले."

यानंतर ते दोन वर्षं जगले. नातीच्या लग्नात त्यांना कुणी काही विचारलं नाही. बिशपचं एक वाक्यही त्यांनी पुन्हा सांगितलं नाही. ते गेल्यावर शाळेतले एक वयस्कर पाद्री वह्या मागायला आले, छापायची तयारी दाखवली. मी सांगितलं, वह्यांना वाळवी लागली. वह्या मी न्हाणीघराच्या चुलीत घातल्या होत्या, चांगल्या लिहिलेल्या दोनसुद्धा.

पण ते सगळं नंतरचं. 'हो' म्हटलं त्याच संध्याकाळी यजमानांनी सुतार बोलावून मामंजींच्या खोलीला बाहेरून कडी बसवून घेतली. दिसत नाही, भान नाही, रस्त्यावर गेले तर?

दुसऱ्या दिवशी सकाळी मी भाजीला निघाले. मामंजी खाटेवर बसले होते, पुस्तक मांडीवर. पावलं ऐकून म्हणाले, "कोण, सुभद्रा का?" मी दार ओढून घेतलं आणि कडी लावली.