पारूमावशींचं विरजण

शहराच्या टोकाला, ज्वारीच्या रानात उभ्या राहिलेल्या इमारतीत आम्ही राहायला आलो, तेव्हा आसपास एकही दुकान नव्हतं. मी वाटी घेऊन समोरच्या गोठ्यावर गेले. "विरजण होय? ने की!" म्हणत पारूमावशींनी चमचाभर दही दिलं. माझ्याकडून ते शेजारणीकडे गेलं, मग मजल्यामजल्यावर, पुढे नव्या इमारतींतही. रस्त्याला नाव मिळायच्या आधी इथं घराघरांत दही लागलं होतं. वस्तीही अशीच लागत असावी, उबेत, हळूहळू.

आज बेल वाजली. पहिल्यांदाच लिफ्टनं वर आलेल्या पारूमावशी दारात उभ्या, हातात वाटी. "माझं नासलं गं. तुझं दे जरा."

मी दिलं. बोट बुडवून त्यांनी चाखलं आणि खुदकन हसल्या. "अगं, हे तर आमचंच!"