आतेचा चौक

वाटलेल्या तांदळाचा वास नाकात गेला की मला आते आठवते. वीस-बावीस वर्षांपूर्वी माझं लग्न होतं आणि वज्रेश्वरीच्या पलीकडच्या आमच्या पाड्यावर, गेरूनं सारवलेल्या भिंतीवर, बायका लग्नाचा चौक, म्हणजे देवीचं चौकोनी चित्र, लिहायला बसल्या होत्या. आतेसारखा हात कुणाचाच नव्हता. तिची कापडावरची चित्रं भिवंडीचा एक व्यापारी मुंबईच्या दुकानांत विकायचा. पण ती विधवा, आणि चौक सवाशिणींनीच लिहायचा. तरी सवयीनं तिनं काडी तांदळाच्या पांढऱ्यात बुडवली. "तुझा हात नको गं, पोरीचं लगीन हाय," माझी आईच म्हणाली. "न्हाय लिवत," म्हणून आते अंगणात जाऊन बसली. भिंतीवरचा चौक वाकडा येत होता; तिनं बसल्या बसल्या मातीत बोटानं अख्खा चौक काढला, आणि संध्याकाळी नाचणाऱ्यांच्या पायांखाली तो पुसला गेला. हळद लागलेली मी दारातून सगळं बघत होते. नवरीचा शब्द त्या दिवशी कुणी मोडला नसता. आज लेकीच्या लग्नाचे तांदूळ मीच वाटले. नवरा जाऊन वर्ष झालं. वाटी जावेच्या हातात दिली आणि वळून बघितलं. लेक दारात उभी होती, हळद लागलेली, सगळं बघत.